खाडा कोण भरणार? राहुल बोस, रग्बी आणि आपल्या वहीतला न लिहिलेला खर्च



या आठवड्याच्या व्हिडिओत मी रग्बीचा विषय काढला, तेव्हा पहिली कमेंट आली ती अशी, "सर, परभणीत रग्बी? इथं हॉकीची स्टिक मिळायची मारामार." खरंय. माझं दुकान स्टेशनरीचं आणि खेळाच्या सामानाचं आहे. टेनिस बॉल, शटल, कॅरमची पावडर, पोलीस भरतीवाल्या पोरांसाठी गोळा, हे रोज जातं. रग्बीचा तो लांबोडका बॉल आजवर एकाही गिऱ्हाईकानं मागितलेला नाही.

तरी व्हिडिओ केला, कारण मला एका माणसाच्या निमित्तानं एक हिशोब तुमच्यासमोर मांडायचा होता. व्हिडिओत दहा मिनिटांत सगळं बसलं नाही. ते इथं निवांत लिहितो.

माणूस तुमच्या ओळखीचा आहे. राहुल बोस. 'मिस्टर अँड मिसेस अय्यर', 'झंकार बीट्स', 'चमेली' यातला नट म्हणून तुम्ही त्यांना पाहिलं असेल. पण हे गृहस्थ साधारण दहा वर्षं भारताकडून रग्बी खेळले. १९९८ साली भारताचा रग्बी संघ पहिल्यांदा आंतरराष्ट्रीय स्पर्धेत उतरला, आशियाई स्पर्धेत, त्या पहिल्या संघात ते होते. आणि तेव्हा भारतात रग्बी खेळून कोणाची चूल पेटत नव्हती. म्हणजे दहा वर्षं देशाकडून खेळायचं, अंगावर मार घ्यायचा, आणि घर चालवायचं ते दुसऱ्याच कमाईवर.

हे कसं जमलं, हा आजचा विषय.

आधी खेळ थोडक्यात सांगतो, नाहीतर पुढचं समजणार नाही. रग्बी युनियन म्हणजे एका बाजूला १५ खेळाडू, ८० मिनिटांचा सामना. बॉल हातात घेऊन पळायचं आणि समोरच्याच्या टोकाच्या रेषेपलीकडे जमिनीला टेकवायचा. त्याला ट्राय म्हणतात, त्याचे ५ गुण. गंमत अशी की हातानं बॉल पुढे फेकता येत नाही. पास द्यायचा तर बाजूला किंवा मागेच. पुढे जायचं ते स्वतःच्या पायानं. समोरचे तुम्हाला कमरेत धरून आडवं करणार, हे नियमातच आहे. आपल्या कबड्डीवाल्या पोरांना हा खेळ पटकन कळतो.

राहुल बोस दोन जागांवर खेळले. एक स्क्रम-हाफ आणि दुसरी उजवा विंगर. स्क्रम-हाफ म्हणजे काय? धिप्पाड माणसांची दोन्हीकडची रांग एकमेकांना डोकं लावून रेटत असते, खालून बॉल बाहेर येतो, तो उचलून क्षणात योग्य माणसाकडे पोचवायचा. आपल्या भाषेत, गोडाऊन आणि गिऱ्हाईक यांच्या मधे काउंटरवर उभा असलेला माणूस. माल त्याच्या हातून गेल्याशिवाय धंदा पुढे सरकत नाही. विंगर मात्र कडेला उभा असतो आणि बॉल मिळाला की सुसाट सुटतो.

आता त्यांची गोष्ट.

जन्म १९६७ चा. ते स्वतःबद्दल सांगतात की मी अर्धा बंगाली, पाव पंजाबी आणि पाव महाराष्ट्रीयन. म्हणजे पाव हिस्सा आपलाच. लहानपणी बॉक्सिंग आणि रग्बीची गोडी लावली ती आईनं. हे मला फार विशेष वाटतं, कारण आपल्याकडे आई पोराला मारामारीच्या खेळातून ओढून घरी आणते. मुंबईत कॅथेड्रल शाळा. पुढे अमेरिकेतल्या विद्यापीठांत अर्ज केले, अनेक ठिकाणांहून नकार आला, म्हणून मुंबईच्याच सिडनहॅम कॉलेजात प्रवेश. तिथं कॉलेजच्या संघातून रग्बी, आणि बॉक्सिंगमध्ये वेस्टर्न इंडिया स्पर्धेचं रौप्यपदक.

१९८७ मध्ये आई गेली. त्यानंतर राहुल बोस कामाला लागले. रेडिफ्यूजन या जाहिरात कंपनीत कॉपीरायटर, म्हणजे जाहिरातींचे शब्द लिहिणारा. वयाच्या विशीत, नोकरी, ठरलेला पगार. तिथून चढत चढत क्रिएटिव्ह डायरेक्टर झाले. १९९४ मध्ये देव बेनेगल यांचा 'इंग्लिश, ऑगस्ट' आला, त्यात मुख्य भूमिका. नोकरी कधी सोडली? हा पहिला सिनेमा आल्यावर. हा क्रम लक्षात ठेवा, कारण मोटिव्हेशनवाले नेमका हाच क्रम उलटा करून सांगतात. "त्यांनी नोकरीला लाथ मारली आणि स्वप्नामागे धावले." असं काही नाही. हातात काहीतरी आलं, मग हात सोडला.

आणि रग्बी? ती या सगळ्याच्या बाजूला चालूच होती. बॉम्बे जिमखान्याच्या मैदानावर. हा जिमखाना १८७५ चा. भारताच्या भूमीवरचा पहिला क्रिकेट कसोटी सामना डिसेंबर १९३३ मध्ये याच मैदानावर झाला. पावसाळ्यात क्रिकेट बंद झालं की तिथं चिखलात रग्बी रंगते. (जागेचा वर्षभर उपयोग कसा करावा, हे लग्नाच्या सीझनपुरतं मंगल कार्यालय चालवणाऱ्यांनी बघण्यासारखं आहे.) भारताकडून पहिला सामना खेळताना राहुल बोस यांनी तिशी ओलांडलेली होती. खेळाडू ज्या वयात बूट काढतात त्या वयात यांनी भारताचा टी-शर्ट घातला. पुढे २००९ च्या मोसमासाठी आपण परतणार नाही, असं त्यांनी जाहीर केलं, तेव्हा वय चाळिशीच्या पुढे.

आता कागद-पेन घ्या.

सराव, स्पर्धा, प्रवास, दुखापत. या प्रत्येक गोष्टीत दिवस जातात. नटाचं नाक मोडलं तर शूटिंग थांबतं. हे गेलेले दिवस कोणाच्या खात्यावर? आपल्याकडे यासाठी अगदी नेमका शब्द आहे, खाडा. रोजंदारीवरचा माणूस कामावर गेला नाही की खाडा पडला, रोजी बुडाली. मला बीबीएला असताना 'अपॉर्च्युनिटी कॉस्ट' नावाचं एक प्रकरण होतं, त्यावर पाच मार्कांचा प्रश्न हमखास यायचा. माझ्या आजीला ते प्रकरण एका शब्दात ठाऊक होतं.

राहुल बोस यांचा खाडा आधी त्यांच्या नोकरीनं आणि नंतर नाटक-सिनेमानं भरला. रग्बीनं कधीच नाही भरला. आणि मला यातली खरी शहाणपणाची गोष्ट ही वाटते की त्यांनी रग्बीकडून तशी अपेक्षाही ठेवली नाही. कमावणारी गोष्ट वेगळी, जिवाची गोष्ट वेगळी, दोन्ही एकाच गल्ल्यात मिसळल्या नाहीत.

आता तुम्हाला एक जुना किस्सा सांगतो. हा रग्बीच्या इतिहासातला सगळ्यात मोठा तंटा आहे, आणि तो चक्क खाड्यावरून झाला. मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा वाटलं की हे इंग्लंडमधलं नाही, आपल्या मोंढ्यातलं भांडण आहे.

एकोणिसाव्या शतकाचा शेवट. इंग्लंडच्या दक्षिणेला रग्बी खेळायचे ते मोठ्या शाळांत शिकलेले, वकील, डॉक्टर, जमीनदारांची मुलं. उत्तरेला, यॉर्कशायर-लँकेशायर भागात, हाच खेळ कापड गिरण्यांतले कामगार, खाणीतले मजूर, गोदीतले हमाल खेळायला लागले. आणि चांगले खेळायला लागले. सामने शनिवारी दुपारी. पण शनिवारी सकाळी गिरणी चालू! सामना दुसऱ्या गावी असेल तर सकाळची पाळी सोडून गाडी पकडावी लागायची. खाडा. मजुरी कापली. मैदानात जिंकून घरी यायचं आणि बायकोच्या हातावर कमी पगार ठेवायचा.

म्हणून उत्तरेकडच्या क्लबांनी मागणी केली की आम्ही खेळाडूंना पगार मागत नाही, फक्त त्यांची बुडालेली मजुरी भरून द्यायची परवानगी द्या. तिकडे त्याला 'ब्रोकन टाइम' म्हणत. मोडलेला वेळ. १८९३ मध्ये रग्बी युनियनच्या सभेत हा ठराव मतदानाला आला आणि २८२ विरुद्ध १३६ मतांनी आपटला. विरोध करणाऱ्यांचा सूर असा की खेळ हा हौसेचा असतो, ज्याला फुरसत परवडत नाही त्यानं खेळू नये.

बघा हं. ज्याला फुरसत परवडत नाही. हे बोलणाऱ्याला स्वतःची फुरसत कोण भरतंय हे दिसत नाही, कारण ती वडिलांच्या मिळकतीतून आपोआप भरली जाते.

दोन वर्षांनी, २९ ऑगस्ट १८९५ ला, हडर्सफील्ड गावातल्या जॉर्ज हॉटेलात उत्तरेचे क्लब जमले आणि त्यांनी वेगळी चूल मांडली. खाडाभरपाई म्हणून दिवसाला ६ शिलिंगपर्यंत द्यायचं ठरलं. त्यातूनच पुढे १३ खेळाडूंची 'रग्बी लीग' हा निराळाच खेळ झाला. एक अख्खा खेळ दुभंगला, तोही ६ शिलिंगांवरून. तिकडे मूळ युनियनवाले आपल्या हट्टावर किती वर्षं राहिले असतील? शंभर. बरोबर शंभर वर्षांनी, २६ ऑगस्ट १९९५ ला, रग्बी युनियनमध्ये खेळाडूंना उघडपणे पैसे द्यायला परवानगी मिळाली.

म्हणजे भारताचा पहिला संघ १९९८ ला उतरला तेव्हा जगात या खेळात पैसा येऊन जेमतेम तीन वर्षं झाली होती. आपल्याकडे तो यायला अजून बराच वेळ होता.

(जाता जाता आणखी एक. भारतात रग्बी नवी नाही. कलकत्त्यात १८७२ च्या नाताळात इंग्रजांनी सामना खेळला आणि त्यातून क्लब निघाला. क्लबमध्ये मेंबरांना दारू फुकट होती. ती सवलत बंद केली आणि मेंबर गळायला लागले! इतरही कारणं होती, सैन्याच्या तुकड्या बदलून गेल्या, लोक टेनिस-पोलोकडे वळले. पण फुकटाच्या स्कीमवर जमलेलं गिऱ्हाईक स्कीम संपली की कुठं जातं, हे दुकानदाराला सांगायला नको. शेवटी १८७८ मध्ये क्लबनं बँकेतले चांदीचे रुपये काढले, वितळवले आणि त्याचा चषक करून इंग्लंडच्या युनियनला देऊन टाकला. त्याला तीन नागांचे कान आणि झाकणावर हत्ती आहे. इंग्लंड आणि स्कॉटलंड दरवर्षी त्या 'कलकत्ता कप'साठी खेळतात. धंदा बंद करताना शिल्लक वाटून खाण्यापेक्षा बरं केलं.)

आता आपल्याकडे येऊ.

मागच्या महिन्यात सेलूकडच्या एका तरुणानं मला विचारलं, "सर, नोकरी सोडू का?" मानवतला एका जिनिंगमध्ये हिशोब लिहितो, पगार १३,०००. पहाटे पाच ते सात पोरांची पोलीस भरतीची तयारी घेतो. १६०० मीटर, १०० मीटर, गोळाफेक. स्वतः चांगला धावायचा, शिकवायची हातोटी आहे, पोरं त्याला मानतात. त्याला पूर्ण वेळ अकॅडमी काढायची आहे. व्हिडिओ बघून बघून डोक्यात बसलंय की एक पाय इकडे आणि एक तिकडे ठेवला की माणूस बुडतो.

मी त्याला म्हटलं, भाऊ, आकडे सांग. पोरं २२, फी महिन्याला ५००. कागदावर ११,०००. प्रत्यक्षात फी देणारे १७, म्हणजे ८,५००. मैदानाचं भाडं १,५००. चुना, गोळे, पेट्रोल मिळून १,०००. हातात राहिले ६,०००. यात त्याचा खाडा किती? शून्य. कारण तो हे ड्युटीच्या आधी करतो. आज ही अकॅडमी फायद्यात आहे ती याच कारणामुळे. ज्या दिवशी तो जिनिंग सोडेल, त्या दिवसापासून त्याच अकॅडमीच्या डोक्यावर दर महिन्याला १३,००० चा खाडा बसणार. ६,००० मधून १३,००० कसे जाणार?

"पण सर, पूर्ण वेळ दिला की पोरं वाढतील." वाढतील ना. पण भरतीची जाहिरात निघते तेव्हा मैदान भरतं आणि लांबली की ओस पडतं, हे त्याला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे. म्हणून त्याला एक अट घालून दिली. सलग सहा महिने वही लिही. फी सांगितली ती लिहायची नाही, हातात आली ती लिही. खर्च जाऊन १३,००० पेक्षा जास्त असे सलग तीन महिने आले, आणि त्या तीन महिन्यांत एक तरी महिना जाहिरात नसलेला असला, तर मालकाला जाऊन सांग की मी सोडतोय. तोवर पहाट तुझी, दिवस जिनिंगचा.

त्याला उत्तर फारसं आवडलं नाही. पण वही घेऊन गेला.

हाच हिशोब घरगुती धंद्यात तर हमखास चुकतो. समजा, दोन जावा मिळून शनिवारी पापड करतात. उडीदडाळ, मसाला, तेल १,८००. पॅकिंग २५०. बाकी किरकोळ १५०. एकूण २,२००. माल विकला ३,००० ला. घरात आनंद, ८०० सुटले! पण दोघी दिवसभर पाठ मोडून बसल्या. दुसऱ्याच्या कामाला गेल्या असत्या तर त्यांना दिवसाला ४०० मिळाले असते असं धरा. दोघींचे ८००. आता सांगा, धंद्याला काय सुटलं? काहीच नाही. त्यांनी स्वतःलाच कामावर ठेवलं आणि स्वतःचीच रोजी नफा म्हणून मोजली. बरं, यात वाईट काही नाही, घरबसल्या ८०० ची रोजी मिळाली हेही चांगलंच. पण याला नफा समजून त्या भरवशावर कोणी मशिनचं कर्ज काढलं, की हप्त्याच्या दिवशी खरं काय ते कळतं.

खाडा भरणारा माणूस बहुतेक वेळा आपल्याच घरातला असतो आणि त्याचं नाव वहीत नसतं. मी व्हिडिओ शूट करतो त्या दिवशी दुकानावर बाबा बसतात. मी त्यांच्या नावानं ४०० लिहितो. ते हसतात, म्हणतात, "बापाला रोजी लावतोस का रे?" ते पैसे घेत नाहीत, तरी मी लिहितोच. कारण हा चॅनेल मला कितीला पडतो हे मला कळायला हवं. तुमच्या दुकानावर दुपारी वहिनी बसत असतील, तर त्यांच्या तासांची किंमत शून्य आहे का? मग लिहीत का नाही?

आता राहुल बोस यांच्या बाबतीत एक गोष्ट सरळ बोललं पाहिजे. कॅथेड्रलमध्ये शिकलेला, दक्षिण मुंबईत वाढलेला, जिमखान्यावर खेळणारा मुलगा. त्यांच्याकडे पडायला गादी होती. मेहनत त्यांची स्वतःची, त्यात वाद नाही. पण पालमच्या किंवा सोनपेठच्या पोराला "बघ, बोस करतात तर तू का नाही" असं सांगणं म्हणजे १८९३ च्या त्या सभेतल्यासारखंच बोलणं झालं. गादी नसलेल्याचा खाडा भरायला कोणीतरी लागतं.

आणि जिथं कोणी भरला, तिथं काय झालं ते बघा. भुवनेश्वरला किस ही आदिवासी मुलांसाठीची निवासी संस्था आहे. राहणं, जेवण, शिक्षण सगळं मोफत. तिथल्या १४ वर्षांखालच्या पोरांनी २००७ मध्ये लंडनला जाऊन शाळांची आंतरराष्ट्रीय रग्बी स्पर्धा जिंकली. त्यावर 'जंगल क्राय' नावाचा सिनेमाही आला. ताकद त्या पोरांत आधीपासून होतीच. पण संध्याकाळच्या भाकरीची काळजी दुसऱ्यानं घेतली, तेव्हा ती मैदानात उतरली.

मुलींचंही तसंच. भारताच्या मुलींचा १५ जणींचा संघ पहिला आंतरराष्ट्रीय सामना खेळला तो २०१८ मध्ये, सिंगापूरमध्ये, आणि हरला. कॅप्टन होती पुण्याची वाहबिझ भरुचा. ती व्यवसायानं फिजिओथेरपिस्ट आहे, म्हणजे इथंही पुन्हा तेच, शिक्षण आणि काम एका हाताला, खेळ दुसऱ्या हाताला. पुढच्याच वर्षी, २०१९ ला, मनिलामध्ये याच सिंगापूरला त्यांनी २१-१९ असं हरवलं. १५ जणींच्या प्रकारातला भारताचा तो पहिला विजय. शेवटच्या मिनिटांत पेनल्टी किक मारून सामना काढला तो सुमित्रा नायकनं. ती किसमध्ये वाढलेली. एकीचा खाडा तिच्या व्यवसायानं भरला, दुसरीचा संस्थेनं, आणि दोघी एकाच संघात उभ्या होत्या.

सरकारनंही उशिरा का होईना एक दार उघडलं. २०२० मध्ये केंद्र सरकारनं नोकऱ्यांमधल्या खेळाडूंच्या कोट्यात २० नवे खेळ घातले, त्यात रग्बी आहे. आपला मल्लखांबही त्याच यादीत आला, रस्सीखेचसुद्धा. कोट्याची नोकरी म्हणजे दुसरं काय, खाडा भरायची पक्की व्यवस्था. ज्या पोरांच्या आईबापांना "खेळून काय मिळतं" हा प्रश्न पडतो, त्यांच्यासाठी हे लिहून ठेवलं.

खेळणं थांबवल्यावर राहुल बोस काय करतात? सिनेमे चालू आहेतच. २०१७ मध्ये त्यांनी 'पूर्णा' दिग्दर्शित केला. मालावत पूर्णा ही निजामाबाद जिल्ह्यातली मुलगी. निजामाबाद म्हणजे आपल्याला काही लांब नाही, नांदेड-मुदखेडवरून गाडीत बसलं की आलं. २०१४ मध्ये वयाच्या तेराव्या वर्षी ती एव्हरेस्ट चढली. तीही समाजकल्याणच्या निवासी शाळेतली. बोस यांना हीच गोष्ट सिनेमासाठी का निवडावीशी वाटली असेल, असा मला प्रश्न पडतो. त्याआधी, २००४ च्या त्सुनामीनंतर त्यांनी अंदमान-निकोबारमध्ये मदतीचं काम केलं आणि तिथल्या मुलांच्या शिक्षणासाठी शिष्यवृत्तीचा उपक्रम काढला. त्यातून पुढे त्यांची 'द फाउंडेशन' ही संस्था झाली.

आणि रग्बी? आज ते देशाच्या रग्बी संघटनेचे, रग्बी इंडियाचे अध्यक्ष आहेत. ज्या खेळानं त्यांना कधी पगार दिला नाही, त्या खेळात पगार आणायचं काम त्यांच्या टेबलावर आलं. १५ ते २९ जून २०२५ या काळात पहिली रग्बी प्रीमियर लीग झाली, मुंबईत, अंधेरीच्या शहाजीराजे भोसले क्रीडा संकुलात. रग्बी इंडिया आणि जीएमआर स्पोर्ट्स यांची. चेन्नई, बेंगळुरू, दिल्ली, हैदराबाद, कलिंग आणि मुंबई असे सहा संघ. फायनलला चेन्नई बुल्सनं दिल्ली रेड्झचा ४१-० असा धुव्वा उडवला.

धंदेवाल्याच्या नजरेतून मला त्यात एक गोष्ट फार आवडली. त्यांनी माल गिऱ्हाईकाच्या मापाचा केला. ८० मिनिटांची रग्बी भारतातला नवखा प्रेक्षक बघणार नाही. म्हणून ७ खेळाडूंचा प्रकार घेतला, आणि चार-चार मिनिटांचे चार भाग. सोळा मिनिटांचा खेळ! नवीन गिऱ्हाईकाला किलोचं पाकीट देत नाहीत, आधी दहा रुपयांची पुडी देतात. शाम्पूवाल्यांनी हे खेड्यापाड्यांत कधीच करून दाखवलंय. जुन्या रग्बीवाल्यांनी नाकं मुरडली असतील, पण काउंटर नवा असेल तर पुडी लहानच लागते.

या लीगसाठी भारतीय खेळाडूंचा लिलाव झाला, करार झाले, पैसे ठरले. दोन आठवड्यांच्या स्पर्धेतून कोणाचं वर्षाचं घर चालेल असं मी म्हणत नाही. उरलेल्या पन्नास आठवड्यांचा खाडा अजून त्यांच्या नोकऱ्याच भरणार. पण तेवढ्या दिवसांची रोजी खेळाकडून मिळाली.

तर मित्रांनो, तुमच्या वहीत उजव्या बाजूला एक कॉलम आखा आणि वर 'खाडा' लिहा. रोज रात्री गल्ला मोजताना त्यात दोनच गोष्टी टाका. आज या धंद्यासाठी घरातल्या कोणाचे किती तास गेले, आणि तेवढ्या तासांचे बाहेर किती मिळाले असते. बाहेर काहीच मिळालं नसतं, तर शून्य लिहा, तेही खरंच आहे. महिनाअखेर बेरीज करून नफ्यातून वजा करा. माझ्या वहीच्या पानाचा फोटो व्हिडिओखाली टाकलाय, बाबांच्या ४०० सकट. आकडा उणे आला तर घाबरून मला फोन करू नका, आधी सलग तीन महिने लिहा आणि मग तिन्ही पानांचे फोटो पाठवा. सेलूच्या त्या तरुणाचं पहिलं पान कालच आलं. पोरं आता २४ झालीत, आणि फी देणारे अजून १७ च.